ठोसा आणि सूर

अमेरिकेतल्या न्यू जर्सी राज्यात वेस्ट ऑरेंज येथे थॉमस एडिसनची प्रयोगशाळा होती. तिच्या आवारात १८९३ च्या आरंभी एक ओबडधोबड काळे खोपट उभे राहिले. भिंतींना डांबरी कागद मारलेला, छताचा एक भाग उघडता येणारा, आणि सगळी इमारत गोल रुळावर बसवलेली. सूर्य सरकेल तसे माणसांनी ढकलून खोपटही सरकवायचे आणि उघड्या छतातून ऊन नेमके नटाच्या अंगावर घ्यायचे, अशी ती योजना. तिथले कामगार त्या खोपटाला ‘ब्लॅक मारिया’ म्हणत. चित्रपटासाठीच बांधलेला हा जगातला पहिला स्टुडिओ.

१८९४ मध्ये या खोपटात कोण कोण येऊन गेले याची यादी पाहण्यासारखी आहे. शरीर कमावलेला युजीन सँडो आला, स्पॅनिश नर्तकी कार्मेनसीता आली, झगा फुलवून नाचणारी अ‍ॅनाबेल आली. ग्लेनरॉय बंधू आपला विनोदी मुष्टियुद्धाचा खेळ घेऊन आले. एका प्राध्यापक म्हणवणाऱ्या कसरतवाल्याने हातमोजे घातलेल्या दोन मांजरांची झुंज लावून दाखवली. आणि त्याच वर्षी खरे मुष्टियोद्धेही इथे उतरले.

बोलपटाचा इतिहास सांगताना बहुतेक जण ६ ऑक्टोबर १९२७ या तारखेपासून, ‘द जॅझ सिंगर’पासून सुरुवात करतात. मला तो इतिहास तेहतीस वर्षे आधी, या काळ्या खोपटात सुरू झालेला दिसतो. मुष्टियुद्धाने चित्राला लांबी दिली आणि संगीताने त्याला आवाज दिला. हे दोन धागे पुढची चाळीस वर्षे कधी जवळ येत, कधी दुरावत, आणि अखेर दहा-अकरा मिनिटांच्या लघुबोलपटांत एकमेकांत विणले गेले. या साऱ्या प्रवासात एक माणूस आपल्याला पुन्हा पुन्हा भेटतो. त्याचे नाव जेम्स जे. कॉर्बेट.

एका मिनिटाची फेरी

एडिसनचे किनेटोस्कोप म्हणजे उभी लाकडी पेटी. वरच्या भिंगाला डोळा लावायचा आणि आत पळणारी फिल्म पाहायची. १४ एप्रिल १८९४ रोजी न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर अशा दहा पेट्यांचे पहिले दालन उघडले. लोक रांगा लावून येत. पण एका पेटीतले चित्र जेमतेम वीस सेकंद चाले. एवढ्या वेळात नाचाची एक गिरकी दाखवता येते, शिंक दाखवता येते. लढत दाखवता येत नाही.

लॅथम घराण्यातल्या ऑटवे आणि ग्रे या दोन भावांना नेमकी लढतच दाखवायची होती. मुष्टियुद्धाच्या वेडाने तेव्हा अमेरिका झपाटलेली होती आणि बहुतेक राज्यांत बक्षिसासाठी लढणे बेकायदा होते. जे पाहायला बंदी आहे ते पेटीत दाखवले तर पैसा मिळणारच, हा त्यांचा हिशेब. त्यांचा सहकारी इनॉक रेक्टर याच्या मदतीने किनेटोस्कोप मोठे करण्यात आले. आता त्यात १५० फूट फिल्म मावू लागली आणि चित्र मिनिटभर चालू लागले.

१४ जून १८९४ रोजी माइक लिओनार्ड आणि जॅक कुशिंग ब्लॅक मारियामध्ये लढले. कॅमेरा जागचा हलत नव्हता, म्हणून रिंगण अवघे बारा फुटांचे केले होते. कॅमेऱ्यात जेवढी फिल्म तेवढी फेरी. एक फेरी संपली की दोघे थांबत, कॅमेऱ्यात नवी फिल्म चढवली जाई, मग पुढची फेरी. अशा सहा फेऱ्या. ऑगस्टमध्ये न्यूयॉर्कच्या नासाउ स्ट्रीटवर सहा पेट्या ओळीने मांडल्या गेल्या. एका पेटीला दहा सेंट, म्हणजे पूर्ण लढतीला साठ. अनेक प्रेक्षक थेट शेवटच्या पेटीशी जाऊन, दहा सेंटांत निकाल पाहून निघून जात, असे सांगतात.

लिओनार्ड-कुशिंग लढतीनंतर सुमारे तीन महिन्यांनी, ७ सप्टेंबर १८९४ रोजी, कॉर्बेट त्या खोपटात आला. बरोबर दोन वर्षांपूर्वी, ७ सप्टेंबर १८९२ ला, न्यू ऑर्लिन्समध्ये त्याने जॉन एल. सलिव्हनसारख्या अजिंक्य समजल्या गेलेल्या वीराला हरवून जगज्जेतेपद मिळवले होते. सॅन फ्रान्सिस्कोचा हा तरुण पूर्वी बँकेत कारकून होता. कपडे टापटीप, बोलणे मृदू, रिंगणात पायांची हालचाल नर्तकासारखी हलकी. लोक त्याला ‘जंटलमन जिम’ म्हणत. ब्लॅक मारियात त्याच्यासमोर ट्रेंटनचा पीटर कोर्टनी उभा होता. सहाव्या फेरीत कोर्टनी कोसळला; तो तिथे कोसळावा अशीच आखणी होती, असे इतिहासकार मानतात. प्रदर्शनातल्या फिल्मच्या प्रत्येक संचामागे कॉर्बेटला आठवड्याला १५० डॉलर मिळायचे ठरले होते. पुढे ते ५० वर आले, पण चित्राच्या कमाईत कलावंताचा वाटा ही कल्पना त्या करारात रुजलेली दिसते.

मिनिटभराच्या फेरीने लॅथम बंधूंचे समाधान होईना. त्यांना सलग लढत हवी होती, तीही पडद्यावर, शेकडो लोकांसमोर. लांब फिल्म यंत्रातून जाताना ताणाने तुटे. त्यावर उपाय म्हणून फिल्मला भिंगामागच्या खिडकीशी एक सैल वळसा ठेवायचा, म्हणजे झटका त्या वळशात जिरतो, ही युक्ती त्यांच्या यंत्रात आली. ‘लॅथम लूप’ या नावाने ती पुढची शंभर वर्षे जवळपास प्रत्येक कॅमेऱ्यात आणि प्रक्षेपकात राहिली. ४ मे १८९५ रोजी मॅडिसन स्क्वेअर गार्डनच्या छतावर त्यांनी ग्रिफो आणि बार्नेट यांची लढत चित्रित केली आणि त्याच महिन्यात न्यूयॉर्कमध्ये पडद्यावर दाखवली. दोन वर्षांनी रेक्टरने आणखी मोठी मजल मारली. १७ मार्च १८९७ रोजी नेवाडा राज्यातल्या कार्सन सिटीत कॉर्बेट आणि बॉब फिट्झसिमन्स यांची जगज्जेतेपदाची लढत झाली. चौदाव्या फेरीत छातीच्या खाली बसलेल्या एका ठोशाने कॉर्बेटचे पद गेले. ती सगळी लढत रेक्टरने रुंद फिल्मवर टिपली. शंभर मिनिटांच्या आसपास चालणारे हे चित्र त्या काळी जगातले सर्वांत लांब होते. चित्रपट नावाची गोष्ट एखाद्या संध्याकाळचा कार्यक्रम होऊ शकते, हे आधी मुष्टियुद्धाने सिद्ध केले. कथापट पुढे कितीतरी वर्षांनी तिथवर पोचले.

कर्ण्यासमोरचे व्हायोलिन

याच काळ्या खोपटात, १८९४ च्या अखेरीस किंवा १८९५ च्या आरंभी, दुसरा एक प्रयोग झाला. एडिसनचा सहायक विल्यम केनेडी लॉरी डिक्सन एका प्रचंड कर्ण्यासमोर व्हायोलिन घेऊन उभा राहिला. कर्णा जोडला होता मेणाच्या सिलिंडरवर आवाज कोरणाऱ्या फोनोग्राफला. डिक्सन फ्रेंच संगीतकार रोबेर प्लांकेतच्या एका संगीतिकेतली चाल वाजवतो आहे आणि शेजारी दोन पुरुष एकमेकांना धरून नाचत आहेत. चित्र सुमारे सतरा सेकंदांचे. आवाज आणि चित्र एकाच वेळी टिपण्याचा जो सर्वांत जुना पुरावा आज हाती आहे, तो हाच.

इथे संगीतच का निवडले गेले, याचे कारण यंत्रात आहे. त्या वेळच्या ध्वनिमुद्रणाला वीज नव्हती, ध्वनिवर्धक नव्हता. आवाजाच्या धक्क्यानेच सुई हलायची. म्हणून आवाज मोठा हवा, एका जागेवरून यायला हवा आणि ठरलेल्या वेळात संपायला हवा. या तिन्ही अटी वादक आणि गायक पूर्ण करत. फोनोग्राफसाठी गाऊन-वाजवून त्यांना त्याची सवयही झाली होती. मुष्टियोद्ध्याचे सगळे सामर्थ्य हालचालीत. त्याचा ठोसा डोळ्यांना दिसतो, कर्ण्याला ऐकू येत नाही. त्यामुळे लढत मुकीच राहिली आणि संगीत एकाच जागी खिळले.

१८९५ मध्ये एडिसनने पेटीतच फोनोग्राफ बसवून ‘किनेटोफोन’ विकायला काढले. प्रेक्षकाने कानाला नळ्या लावायच्या आणि चित्र पाहत सूर ऐकायचे. चित्र आणि सूर यांचा ताळमेळ काटेकोर नव्हता आणि अशा पेट्या पन्नासही खपल्या नाहीत. नंतर फ्रान्समध्ये गोमाँच्या आणि जर्मनीत मेस्टरच्या कंपनीने तबकडीबरोबर चालणारी गाण्यांची लघुचित्रे काढली. फेब्रुवारी १९१३ मध्ये एडिसनने पुन्हा उचल खाल्ली. या वेळी पडद्यामागे मोठा फोनोग्राफ, सभागृहाच्या दुसऱ्या टोकाला प्रक्षेपक, आणि दोघांना जोडणारी लांबलचक दोरी. सहा मिनिटांच्या त्या चित्रांत गाणारे लोहार होते, बालगीते होती, आणि यंत्राची करामत दाखवायला काचसामान फोडणारा निवेदकही होता. दोरीचा ताण बिघडला की ओठ पुढे आणि शब्द मागे. डिसेंबर १९१४ मध्ये वेस्ट ऑरेंजच्या कारखान्याला आग लागली आणि तो उद्योग तिथेच संपला.

रिंगणातून रंगमंचावर

यंत्राने लढत आणि संगीत वेगळे ठेवले, पण अमेरिकन रंगभूमीवर ते केव्हाच एकत्र आले होते. सलिव्हन विजेता असतानाच नाटकात काम करत होता. कॉर्बेटसाठी तर ‘जंटलमन जॅक’ हे नाटक खास लिहून घेतले गेले आणि ते घेऊन तो गावोगाव हिंडला. त्याचा व्यवस्थापक विल्यम ब्रेडी एकाच वेळी लढती आणि नाटके, दोन्ही चालवी.

मग व्हॉडेव्हिल आले. हा विविधरंगी करमणुकीचा कार्यक्रम असे: एका संध्याकाळी गायक, जादूगार, नकलाकार, कसरतपटू आणि छोटी नाटुकली, प्रत्येकाला दहा-पंधरा मिनिटे, खाली वाद्यवृंद. मुष्टियोद्ध्याचा तिथला खेळ ठरलेला असे. दोरीवरच्या उड्या, टांगलेल्या चेंडूवर तालात पडणारे ठोसे, एखाद्या सहकाऱ्याबरोबर दोन-तीन लुटुपुटीच्या फेऱ्या, आणि शेवटी चार शब्द प्रेक्षकांशी. वाद्यवृंद ठेका धरी आणि ठोसे त्या ठेक्यावर पडत. जेतेपद गेल्यावर कॉर्बेटचे पोट याच जगावर चालले. आपल्या लढतींचे किस्से सांगण्यात तो तरबेज होता. १९०६ मध्ये त्याने बर्नार्ड शॉच्या मुष्टियोद्ध्यावरच्या कादंबरीच्या नाट्यरूपात ब्रॉडवेवर नायकाचे काम केले. म्हणजे बोलपट यायच्या वीस वर्षे आधीच तो बोलणारा मुष्टियोद्धा म्हणून प्रसिद्ध होता. यंत्राला त्याच्यापर्यंत पोचायचे तेवढे बाकी होते.

कायद्याची भिंत

या गोष्टीला एक काळीकुट्ट बाजू आहे आणि ती वगळून पुढे जाता येत नाही. ४ जुलै १९१० रोजी नेवाडातल्या रेनो शहरात कृष्णवर्णीय जगज्जेता जॅक जॉन्सन याने निवृत्तीतून परत आणलेल्या गोऱ्या जेम्स जेफ्रीजला पंधराव्या फेरीत हरवले. जॉन्सनच्या विजयानंतर अनेक शहरांत कृष्णवर्णीयांवर हल्ले झाले, माणसे मारली गेली. लढतीची फिल्म दाखवायला शहराशहरांत बंदी आली. १९१२ च्या जुलैअखेर अमेरिकन काँग्रेसने मुष्टियुद्धाची फिल्म एका राज्यातून दुसऱ्या राज्यात नेणे हाच गुन्हा ठरवला. कायद्याची भाषा सर्वसाधारण होती. पण गोऱ्याला लोळवणारा काळा माणूस पडद्यावर दिसू नये, हा त्यामागचा हेतू लपलेला नव्हता. तो कायदा १९४० पर्यंत पुस्तकात राहिला.

कॉर्बेटही या प्रसंगात निर्दोष नाही. रेनोमध्ये तो जेफ्रीजच्या बाजूने रिंगणाशी उभा राहून जॉन्सनला डिवचत होता. जंटलमन म्हणून मिरवणाऱ्या माणसाची ती वागणूक इतिहासात नोंदलेली आहे आणि त्याच्या गोड आवाजाबरोबर तीही लक्षात ठेवायला हवी.

जॉन्सनला संगीताची मनापासून ओढ होती. तो स्वतः मोठे बास व्हायोल वाजवी. १९१२ मध्ये शिकागोत त्याने संगीत आणि खानपानाचा एक झगमगीत क्लब काढला होता. पुढे न्यूयॉर्कच्या हार्लेम भागात लेनॉक्स अ‍ॅव्हेन्यूवर त्याचा क्लब होता. तो १९२३ मध्ये गुंड टोळीचा म्होरक्या ओनी मॅडन याच्या हाती गेला आणि ‘कॉटन क्लब’ झाला. ड्यूक एलिंग्टनचा वाद्यवृंद जिथून गाजला तो हाच क्लब. वादक-नर्तक कृष्णवर्णीय आणि प्रेक्षक गोरे, असा तिथला दस्तूर. ज्या जागेत एका मुष्टियोद्ध्याने संगीताचा संसार मांडला, तिथे त्याच्या लोकांना श्रोता म्हणून प्रवेश उरला नाही.

या कायद्याचा एक परिणाम लघुबोलपटांवर झाला, असे मला वाटते. दंड भरून लढतींच्या फिल्म फिरवणारे होते. पण मोठ्या कंपन्यांना उघडपणे, देशभर, निर्धास्त विकता येईल असा माल म्हणजे खरी लढत नव्हे. खोटी लढत, सराव, गप्पा आणि गाणे यांना मात्र कुठेच अडकाठी नव्हती. आवाज आला तेव्हा मुष्टियोद्धा पडद्यावर गाताना आणि किस्से सांगताना दिसू लागला, त्यामागे हेही एक कारण आहे.

तबकडी फिरू लागली

लढतीचा आवाज घरात पोचवला तो आधी रेडिओने. २ जुलै १९२१ रोजी जर्सी सिटीत जॅक डेम्प्सी आणि फ्रान्सचा जॉर्ज कार्पेंतिए यांची लढत झाली. तिकिटांची विक्री इतिहासात प्रथमच दहा लाख डॉलरांच्या वर गेली आणि रिंगणाशेजारून लढतीचे वर्णन रेडिओवरून ऐकवले गेले. हातमोज्यांच्या खेळालाही कान असतात, हे त्या दिवशी लाखोंच्या लक्षात आले.

चित्रपटाकडे आवाज दोन वाटांनी येत होता. १५ एप्रिल १९२३ रोजी न्यूयॉर्कच्या रिव्होली थिएटरात ली डी फॉरेस्टने आपली ‘फोनोफिल्म’ दाखवली. तिच्यात आवाज फिल्मच्या कडेलाच प्रकाशाच्या रेघांनी कोरलेला असे. त्याने टिपलेले बहुतेक लोक व्हॉडेव्हिलचे गायक, वादक आणि विनोदवीर होते. दुसरी वाट वॉर्नर बंधूंच्या ‘व्हायटाफोन’ची. ६ ऑगस्ट १९२६ रोजी त्यांनी ‘डॉन जुआन’ हे चित्र दाखवले, आणि त्याआधी लघुचित्रांची माळ: न्यूयॉर्क फिलहार्मोनिक, व्हायोलिनवादक मिशा एल्मन, गिटार आणि बँजो वाजवणारा रॉय स्मेक, ऑपेरा गायक जिओवानी मार्तिनेली. प्रेक्षकांनी सर्वांत मोठी दाद दिली ती या छोट्या चित्रांना.

व्हायटाफोनचा आवाज सोळा इंची तबकडीवर असे. मिनिटाला तेहतीस आणि एक तृतीयांश फेरे घेत ती सुमारे अकरा मिनिटे चाले आणि तेवढ्याच वेळात फिल्मचे हजार फुटांचे एक रीळ संपे. तबकडीवर कापाकापी करता येत नसल्याने गाणे किंवा प्रवेश आरंभापासून शेवटापर्यंत सलग व्हावा लागे. कॅमेऱ्याची खरखर ऐकू येऊ नये म्हणून कॅमेरा आणि कॅमेरामन दोघांना काचेच्या बंद खोलीत कोंडत. न्यूयॉर्कच्या मॅनहॅटन ऑपेरा हाउसमध्ये सुरुवातीचे मुद्रण झाले, तेव्हा जवळच भुयारी रेल्वेसाठी सुरुंग उडत होते आणि त्यांचे हादरे तबकडीवर उमटत. पुढे ब्रुकलिनमध्ये या लघुचित्रांसाठी कायमचा स्टुडिओ चालला. रात्री ब्रॉडवेवर काम करणारा कलावंत दिवसा तिथे जाऊन आपले दहा मिनिटांचे काम मुद्रित करून येई.

हे सगळे व्हॉडेव्हिलसाठीच मापून घेतल्यासारखे होते. तिथल्या कलावंताला दहा मिनिटांत, एका जागी, न चुकता, सलग खेळ करण्याची सवय होती. आणि त्या खेळाडूंत मुष्टियोद्धेही होतेच. कॉर्बेटने साठी ओलांडल्यावर त्याचा आवाज यंत्रात उतरला. ‘अ‍ॅट द राउंड टेबल’ या १९३० च्या व्हायटाफोन लघुपटात तो वृत्तपत्रकार डेमन रन्यन आणि मार्क हेलिंजर यांच्याबरोबर आहे, आणि सोबत संगीतिकांमधून गाजलेला धिप्पाड नट-गायक डिवुल्फ हॉपर. फॉक्सच्या ‘हॅपी डेज’ या संगीतपटातही कॉर्बेट दिसतो. तिथे तो मिन्स्ट्रेल प्रवेशात, म्हणजे गोऱ्यांनी चेहरे काळे करून कृष्णवर्णीयांची टवाळी करण्याच्या त्या जुन्या प्रकारात, मधला सूत्रधार झाला आहे. रेनोमधला माणूस आणि हा सूत्रधार यांच्यातला सांधा नजरेआड करता येत नाही.

तरीही एक गोष्ट विलक्षण आहे. १८९४ च्या पेटीत ज्याचे शरीर आवाजाविना नाचले, त्याच माणसाचे शब्द १९३० मध्ये ऐकू आले. चित्रपटाच्या या दोन्ही जन्मांना साक्षी असलेला दुसरा मुष्टियोद्धा मला माहीत नाही. फेब्रुवारी १९३३ मध्ये कॉर्बेट वारला.

गाणारे योद्धे

लघुचित्रांनी वाट पाडली आणि लांब संगीतपट त्या वाटेने गेले. खरे तर सुरुवातीचे संगीतपट म्हणजे लघुचित्रांच्याच माळा होत्या. वॉर्नरच्या १९२९ च्या ‘शो ऑफ शोज’मध्ये कार्पेंतिए चक्क गातो आणि नाचतो. डेम्प्सीकडून हरलेला हा देखणा फ्रेंच योद्धा पहिल्या महायुद्धात वैमानिक म्हणून लढला होता. पुढच्या वर्षी ‘होल्ड एव्हरीथिंग’ हा मुष्टियुद्धावरचा संगीतपट दोन रंगांच्या टेक्निकलरमध्ये निघाला, त्यातही तो होता.

जर्मनीत त्याच वेळी मुष्टियोद्धा मॅक्स श्मेलिंग कॅमेऱ्यासमोर उभा राहिला. राइनहोल्ड श्युन्झेलने दिग्दर्शित केलेले ‘लीबं इम रिंग’ मार्च १९३० मध्ये बर्लिनला झळकले. मूकपट म्हणून हाती घेतलेल्या या चित्रात नंतर आवाज आला आणि मुष्टियोद्ध्याच्या हृदयाविषयीचे एक गाणे श्मेलिंगने स्वतः म्हटले. गायक म्हणून त्याची मोठी तयारी नव्हती, तरी ते गाणे जर्मनीत लोकांच्या तोंडी बसले. तीन महिन्यांनी, १२ जूनला, तो जगज्जेता झाला.

या परंपरेचे शिखर म्हणजे मुष्टियोद्धा मॅक्स बेअर. एमजीएमच्या १९३३ च्या ‘द प्राइझफायटर अँड द लेडी’मध्ये तो मर्ना लॉयबरोबर नायक होता. चित्रात नाचगाण्याचा एक प्रवेश आहे आणि त्याचा साचा जुना, व्हॉडेव्हिलमधला आहे: मुष्टियोद्धा सरावाच्या कवायती संगीताच्या ठेक्यावर करून दाखवतो. शेवटच्या लढतीत समोर तेव्हाचा खरा जगज्जेता प्रिमो कार्नेरा आहे आणि पंच डेम्प्सी. कार्नेरा पडद्यावरही हरायला तयार नव्हता, म्हणून ती लढत बरोबरीत सोडवली गेली. बेअरने त्याच वर्षी जूनमध्ये श्मेलिंगला हरवले होते, तेही चड्डीवर डेव्हिडचा तारा, म्हणजे ज्यूंचे चिन्ह, मिरवत. नाझी राजवटीने १९३४ मध्ये हे चित्र जर्मनीत बंद केले. आणि १४ जून १९३४ रोजी, लिओनार्ड-कुशिंग लढतीनंतर बरोबर चाळीस वर्षांनी, बेअरने खऱ्या रिंगणात कार्नेराला पुन्हा पुन्हा खाली पाडून अकराव्या फेरीत जेतेपद घेतले.

या यशाची किंमत मात्र रंगभूमीने दिली. जो खेळ कलावंत वर्षभर गावोगाव करी, तो एकदा तबकडीवर गेला की सगळ्या देशात एकाच आठवड्यात पाहून होई. चित्रपटगृहांनी आपले वाद्यवृंद काढून टाकले. हजारो वादक बेकार झाले आणि त्यांच्या संघटनेने यांत्रिक संगीताविरुद्ध मोहीम चालवली. १९३२ च्या अखेरीस न्यूयॉर्कच्या ‘पॅलेस’ने, व्हॉडेव्हिलच्या त्या सर्वोच्च मंचाने, निव्वळ व्हॉडेव्हिलचे कार्यक्रम थांबवले. ज्यांच्या कलेवर लघुबोलपट उभा राहिला, त्यांचेच घर त्याने रिकामे केले.

आपल्याकडचा आखाडा

हा इतिहास अमेरिकेचा आहे, पण त्यातली ओढ आपल्याला परकी नाही. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंची चित्रे दाखवली गेली. त्यानंतर हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावे दादा, यांनी परदेशातून कॅमेरा मागवला. १८९९ मध्ये त्यांनी त्यापुढे आणले ते दोन पैलवान. हँगिंग गार्डनमध्ये लावलेली पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी यांची कुस्ती हे भारतीय माणसाने टिपलेले पहिले चित्र मानले जाते. ब्लॅक मारियातल्या कारागिरांप्रमाणे त्यांनाही मर्यादित जागेतली, डोळ्यांनी सरळ कळणारी झुंज हवी होती.

आणि आवाज आला तेव्हा इथेही तो गात आला. १४ मार्च १९३१ रोजी गिरगावच्या मॅजेस्टिक सिनेमात ‘आलम आरा’ लागला. स्टुडिओजवळून आगगाड्या जात, म्हणून चित्रण रात्री करावे लागले होते. चित्रात सात गाणी होती. नायक मास्टर विठ्ठल हा मूकपटांतला साहसपटांचा राजा. तलवार आणि उडी ही त्याची भाषा. संवाद त्याला जड जातील म्हणून त्याला बराच वेळ मूर्च्छित दाखवले गेले, असे सांगतात. अमेरिकेत मुष्टियोद्ध्याला बोलके केले गेले. इथे शरीराच्या बळावर मोठा झालेला नट आवाजापुढे अडखळला. पुढच्या वर्षी कोल्हापूरच्या प्रभातने ‘अयोध्येचा राजा’ काढला, तेव्हा नायकाच्या जागी संगीत रंगभूमीवरून आलेले गोविंदराव टेंबे उभे होते. शाहू महाराजांच्या कोल्हापुरात खासबाग कुस्ती मैदान आणि आज केशवराव भोसल्यांचे नाव असलेले नाट्यगृह एकमेकांना लागून बांधले गेले. पैलवान आणि गायक-नट यांना असा एकच शेजार देणारे ते शहर मराठी चित्रपटाचे माहेर झाले, हे मला अगदी स्वाभाविक वाटते.

काय उरले

या साऱ्यातले फारच थोडे आज आपल्या हाती आहे. लिओनार्ड आणि कुशिंग यांच्या सहा फेऱ्यांपैकी अर्ध्या-पाऊण मिनिटाचा तुकडा वॉशिंग्टनच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये आहे. ‘होल्ड एव्हरीथिंग’ची चित्रे नाहीशी झाली, पण तबकड्यांवरचा आवाज शिल्लक आहे. उलट कितीतरी व्हायटाफोन लघुपटांची फिल्म मिळाली, पण तबकडी नाही. आवाज आणि चित्र वेगवेगळ्या वस्तूंवर ठेवल्याचा हा परिणाम. डिक्सनच्या व्हायोलिनचेही तेच झाले होते: फिल्म एकीकडे, फुटलेला सिलिंडर दुसरीकडे. विसाव्या शतकाच्या अखेरीस तो सिलिंडर जोडून त्यावरचा आवाज उतरवला गेला आणि ध्वनिसंकलक वॉल्टर मर्चने तो चित्राशी जुळवला. शंभरहून अधिक वर्षांनी त्या नाचणाऱ्या दोघांना त्यांचा सूर मिळाला. १९९१ पासून ‘व्हायटाफोन प्रोजेक्ट’ हा हौशी संग्राहकांचा गट अडगळीतल्या तबकड्या शोधून त्यांच्या फिल्मशी लावून देत आहे.

हे काम पाहिले की मनात आदर दाटतो आणि चुटपुटही लागते. कारण ‘आलम आरा’ची एकही प्रत आपण राखली नाही; त्याचे चित्रही गेले आणि आवाजही. आपल्याकडेही गेल्या शतकात लहान चित्रे, वार्तापट, नाट्यपदांच्या ध्वनिमुद्रिका भरपूर झाल्या. मोठ्या चित्रपटाच्या आधी लागणारी दहा मिनिटांची चीज कोणी जपत नाही, कारण ती दुय्यम समजली जाते. कॉर्बेटची चाळीस वर्षे नेमके उलटे सांगतात. मोठ्या चित्राने जे जे वापरले, लांब फिल्म, पडद्यावरचा आवाज, गाणारा नायक, नटाचा कमाईतला वाटा, ते सगळे आधी छोट्या चित्राने करून पाहिले, तेही बारा फुटांच्या रिंगणात आणि एका कर्ण्यासमोर. म्हणून कोणाच्या माळ्यावर जुने रीळ किंवा जाड तबकडी सापडली तर ती भंगारात देण्याआधी एखाद्या संग्रहालयाला दाखवावी. तिची दुसरी अर्धी बाजू कुठेतरी तिची वाट पाहत असण्याची शक्यता खरोखरच आहे.